चार तारा, पंधरा जुळण्या : बीबरच्या व्हायोलिनमध्ये नेमकं काय चालतं

पाश्चात्त्य संगीतात व्हायोलिनच्या चार तारा ठरलेल्या असतात. खर्जाकडून वर मोजत गेलं तर जी, डी, ए, ई. शेजारच्या दोन तारांमध्ये नेहमी सा आणि प यांच्याइतकं अंतर. शाळेत पहिल्या दिवशी मूल हेच शिकतं आणि बहुतेक वादक आयुष्यभर याच जुळणीत वाजवतात. आपल्याकडे व्हायोलिन आलं तेव्हा ही जुळणी टिकली नाही. वादकाने आपली पट्टी ठरवली आणि त्या पट्टीत सा-प-सा-प किंवा प-सा-प-सा अशा तारा लावल्या.

हे दोन्ही प्रकार आजच्या ऑस्ट्रियातल्या साल्झबुर्गमध्ये १६७०च्या दशकात लिहिलेल्या एका हस्तलिखितात सापडतात. त्यातल्या दुसऱ्या सोनाटात, म्हणजे निव्वळ वाद्यांसाठीच्या रचनेत, तारा ए-ई-ए-ई अशा आहेत, म्हणजे पांढरी सहामध्ये सरळ सा-प-सा-प. चौथ्यात ए-डी-ए-डी, म्हणजे पांढरी दोनमध्ये प-सा-प-सा. या संगीतकाराचा भारताशी काहीही संबंध नव्हता. तो त्याच्या गरजेतून तिथे पोचला. या हस्तलिखितात अशा एकूण १५ वेगवेगळ्या जुळण्या आहेत आणि त्यातल्या काही इतक्या विचित्र आहेत की त्या का केल्या, हे कळल्याशिवाय हे संगीत अर्धंच ऐकू येतं.

तारांची नेहमीची जुळणी बदलण्याच्या या प्रकाराला इटालियन शब्द आहे स्कोर्दातूरा. तो वापरणारे पुष्कळ झाले. पण संपूर्ण ग्रंथाची इमारत त्यावर उभी केली ती हाइनरिश इग्नात्स फ्रान्त्स बीबरने.

बीबरचा जन्म बोहेमियातल्या वार्टेनबेर्ग या छोट्या गावातला. आज ते चेक प्रजासत्ताकात आहे. १२ ऑगस्ट १६४४ रोजी त्याचा बाप्तिस्मा झाला. तरुणपणी त्याने ग्राझमध्ये एका सरदाराकडे चाकरी केली आणि १६६८च्या सुमारास तो मोराव्हियातल्या क्रोमेरिझ इथे ओलोमोत्सच्या बिशपच्या दरबारात आला. १६७०च्या उन्हाळ्यात बिशपने त्याला इन्सब्रुकजवळच्या आब्साम गावी पाठवलं. तिथे याकोब श्टाइनर राहत होता, त्या काळातला आल्प्सच्या उत्तरेकडचा सर्वांत नावाजलेला व्हायोलिन बनवणारा कारागीर. त्याच्याकडून दरबारासाठी वाद्यं आणायची होती. बीबर निघाला आणि परतलाच नाही. परवानगी न घेता तो साल्झबुर्गच्या आर्चबिशपच्या, माक्सिमिलियान गांडोल्फ फॉन क्युनबुर्गच्या सेवेत रुजू झाला. जुन्या मालकाने त्याला रीतसर मोकळं केलं ते १६७६ साली. मधल्या काळात आणि नंतरही बीबर त्याच्याकडे आपल्या रचना पाठवत राहिला. त्याच्या स्वतःच्या हातची बहुतेक हस्तलिखितं आज साल्झबुर्गमध्ये नसून क्रोमेरिझच्या संग्रहात आहेत, ती त्यामुळे.

साल्झबुर्गमध्ये त्याची चढती कमान राहिली. १६७९ला उपप्रमुख, १६८४ला दरबारी संगीताचा प्रमुख, १६९०ला सम्राट लिओपोल्ड पहिला याच्याकडून सरदारकी. १६७२ साली लग्न झालं, ११ मुलं झाली आणि त्यातली चारच मोठी झाली. त्यातला कार्ल हाइनरिश पुढे वडिलांच्याच गादीवर बसला. मोझार्टचे वडील लिओपोल्ड १७४३ साली व्हायोलिनवादक म्हणून साल्झबुर्गच्या दरबारात लागले तेव्हा प्रमुख हाच कार्ल हाइनरिश होता. बीबर स्वतः ३ मे १७०४ रोजी साल्झबुर्गमध्येच वारला.

आता ते हस्तलिखित. ते म्युनिकच्या बव्हेरियन राज्य ग्रंथालयात आहे. मुखपृष्ठाचं पान हरवलंय, त्यामुळे बीबरने ग्रंथाला काय नाव दिलं होतं ते गेलं. अर्पणपत्रिका आर्चबिशपच्या नावाने आहे. व्हायोलिन आणि साथीचा खर्ज यांच्यासाठी १५ सोनाटा आणि शेवटी एकट्या व्हायोलिनचा एक पासाकाल्या, म्हणजे ठरावीक स्वरांच्या आवर्तनावर रचलेली रचना, असा हा संच. प्रत्येकाच्या सुरुवातीला एक छोटं गोल चित्र आहे. शीर्षकं नाहीत. पण चित्रं ओळीने पाहिली की उलगडा होतो: ही जपमाळेची १५ रहस्यं आहेत, म्हणजे ख्रिस्ती जपमाळ जपताना मनात आणायचे येशू आणि मारिया यांच्या जीवनातले प्रसंग. वसईकडे जपमाळ किंवा रोझरी म्हणतात, गोव्यात तेर्स म्हणतात, तीच ही प्रार्थना. पाच आनंदाची, पाच दुःखाची, पाच गौरवाची. आज प्रार्थना करणाऱ्यांना २० रहस्यं ठाऊक असतात, पण प्रकाशाची पाच २००२ साली जोडली गेली. बीबरच्या काळी १५च होती. शेवटच्या पासाकाल्याला चित्र आहे ते मुलाचा हात धरून नेणाऱ्या रक्षक देवदूताचं. हा संपूर्ण ग्रंथ छापला गेला १९०५ साली, लिहिल्यानंतर सव्वादोनशेहून अधिक वर्षांनी.

पहिला सोनाटा आणि शेवटचा पासाकाल्या यांत तारा नेहमीच्या जुळणीत आहेत. मधल्या १४ सोनाटांत प्रत्येक वेळी नवी जुळणी, एकही पुन्हा येत नाही.

वादकाने हे वाचायचं कसं? प्रत्येक सोनाटाच्या डोक्यावर चार स्वर लिहिलेले असतात: तारा अशा लावा. त्यापुढची स्वरलिपी मात्र असं धरून चालते की तारा नेहमीच्याच आहेत. म्हणजे कागदावर लिहिलाय तो ऐकू येणारा स्वर नव्हे, बोट कुठे ठेवायचं त्याची जागा. स्केल चेंजरची पेटी माहीत असणाऱ्यांना हे चटकन कळेल. तिथे बोट त्याच पट्टीवर पडतं आणि स्वर दुसरा येतो. फरक एवढाच, की पेटीत सगळे स्वर एकाच अंतराने सरकतात. इथे प्रत्येक तार वेगळी सरकते, एखादी वर, एखादी खाली, एखादी जागेवरच.

दुसऱ्या सोनाटाचं उदाहरण घेऊ. तिथे डीची तार चढवून ई केली आहे, एची तार जागेवर आहे. वादक डीच्या तारेवर तिसरं बोट ठेवतो. कागदावर तिथे जी लिहिलाय, वाजतो ए. लगेच पुढे कागदावर ए लिहिलाय, तो वाजवायचा एची मोकळी तार छेडून. वाजतो एच. डोळ्यांना दोन वेगळे स्वर दिसले, कानाला एकच ऐकू आला. आणि तोच लिहिलेला ए कुणी डीच्या तारेवर चौथ्या बोटाने घेतला तर बी वाजेल, चूक होईल. म्हणून इथे दोन नियम कटाक्षाने पाळावे लागतात: हात शक्यतो तारांखालच्या बोटांच्या पट्टीच्या सुरुवातीच्या जागेवरच ठेवायचा, आणि मोकळी तार घेता येत असेल तिथे मोकळीच घ्यायची. नोटेशन पाहताच मनात स्वर ऐकू येणाऱ्या, पक्क्या स्वरज्ञानाच्या वादकांना सुरुवातीला सर्वांत जास्त त्रास होतो. त्यांचा डोळा एक सांगतो, कान दुसरंच. साथीला ऑर्गन, हार्पसिकॉर्ड किंवा थिऑर्बो (लांब मानेचं तंतुवाद्य) असतो, त्यांचा कागद मात्र सरळ, जे लिहिलं ते वाजतं.

एवढा खटाटोप कशासाठी? एक कारण सोयीचं आहे. जे स्वरमेळ नेहमीच्या जुळणीत बोटांना जमतच नाहीत, ते जुळणी बदलली की सहज हाताखाली येतात. तेराव्या सोनाटात वरच्या दोन तारा सी-शार्प आणि ई आहेत. एकच बोट दोन्ही तारांवर आडवं टेकवून सरकवलं तरी दोन स्वरांची जोडी सारख्या अंतराने धावत जाते.

दुसरं कारण घुमण्याचं. मोकळी तार तिच्या स्वराशी नातं असलेला दुसरा स्वर वाजला की न छेडता थरथरते. सतारीच्या तरफेच्या तारा याच तत्त्वावर बोलतात. ए-ई-ए-ई लावलेल्या व्हायोलिनवर कुठेही ए किंवा ई वाजवा, बाकीच्या तारा मागून साथ देतात. वाद्य उजळतं. आता सहावा सोनाटा बघा, जैतुनांच्या बागेतल्या वेदनेचा. रचना सी मायनरमध्ये आहे आणि तारा आहेत ए-फ्लॅट, ई-फ्लॅट, जी, डी. आपल्या भाषेत सी हा सा धरला तर कोमल ध, कोमल ग, प, रे. चारही तारांत सा नाही! रचनेच्या मूळ स्वराला वाद्यात हक्काची मोकळी तारच नाही, त्यामुळे तो स्वर वाजला तरी मागून कुणी भरभरून साथ देत नाही. शिवाय खालच्या दोन तारा अर्ध्या स्वराने चढवलेल्या आणि वरच्या दोन पूर्ण स्वराने उतरवलेल्या. आवाज कोंदट, घसा दाटल्यासारखा येतो. हा परिणाम वादकाच्या अभिनयातून आलेला नाही, तो लाकडातून आणि तांतीतून आलेला आहे. पंधरापैकी तेरा सोनाटांत सा मोकळ्या तारेवर मिळतो. सहाव्याखेरीज फक्त तेराव्यात मिळत नाही.

तिसरं कारण ताणाचं, आणि आमच्या मते बीबरची खरी प्रतिभा इथे दिसते. तारेचा स्वर जितका वाढवाल त्याच्या वर्गाच्या पटीत ताण वाढतो. तार एका पूर्ण स्वराने चढवली तर ताण सुमारे सव्वापट. सा वरून म वर नेली तर जवळजवळ पावणेदोनपट. सा वरून प वर नेली तर सव्वादोनपट.

सातवा सोनाटा येशूला फटके मारण्याचा, आठवा काटेरी मुकुटाचा. ऐकणाऱ्याला वाटेल की इथे उदास जुळणी असणार. सातव्याची जुळणी आहे सी-एफ-ए-सी, म्हणजे एफ मेजरचा सरळ स्वरमेळ, प-सा-ग-प. आठव्याची डी-एफ-बी फ्लॅट-डी, म्हणजे बी फ्लॅट मेजर, ग-प-सा-ग. दोन्ही मेजर, दोन्हीत शुद्ध गंधार. वेदना स्वरांच्या निवडीत नाहीच. ती ताणात आहे. आठव्यात सर्वांत खालची जीची तार डीवर चढवली आहे, सा पासून प पर्यंत. तीच तार ठेवली तर ताण सव्वादोनपट होईल. तिच्या शेजारची डी एफवर, जवळजवळ दीडपट ताण. आणि सर्वांत वरची ई उतरवून डी. परिणाम असा की व्हायोलिनच्या चारही मोकळ्या तारा एकाच सप्तकात कोंबल्या जातात. एरवी खालच्या आणि वरच्या तारेत जवळजवळ दोन सप्तकांचं अंतर असतं. खर्ज नाहीसा होतो, वाद्याचं पोटच कापल्यासारखं होतं.

हीच चिमट्यासारखी कोंबणी बीबर बाराव्या सोनाटात पुन्हा वापरतो. तिथे जुळणी सी-ई-जी-सी, सा-ग-प-सा. रहस्य आहे स्वर्गारोहणाचं, आणि त्याच आखडलेल्या, ताणलेल्या तारांतून तो तुताऱ्या काढतो, कारण त्या काळातली तुतारी याच स्वरांवर उभी असते. ज्या ताणाने मुकुटाचे काटे टोचले तोच ताण चार सोनाटांनंतर विजयाची ललकारी होतो. हे दोन सोनाटा लागोपाठ ऐकावेत.

दहाव्या, क्रुसाच्या सोनाटात सगळ्यात भयंकर जुळणी असेल असा अंदाज बांधाल तर तो चुकेल. तिथे फक्त वरची ई उतरवून डी केली आहे, बाकी तीन तारा जागच्या जागी.

अकरावा पुनरुत्थानाचा. इथे बीबर तारांची अदलाबदल करतो. मधल्या दोन तारा आपापल्या खुंटीवर आणि मागच्या टोकाला होत्या तिथेच राहतात, पण घोडीवर आणि खुंट्यांजवळच्या वरच्या कडेवर एकमेकींच्या खाचेत बसतात. त्यामुळे खुंट्यांजवळ एक आणि घोडीच्या मागे एक, असे दोन क्रूस तारांनीच तयार होतात. जुळणी होते जी-जी-डी-डी, प्रत्येक जोडी एका सप्तकाच्या अंतरावर. एरवी व्हायोलिनवर सप्तकाची जोडी घ्यायला पहिलं आणि चौथं बोट ताणावं लागतं. इथे एकच बोट दोन तारांवर टेकवलं की सप्तक मिळतं, आणि जुन्या ईस्टर गीताची धून खालच्या-वरच्या दोन आवाजांत एकदम उठते. जणू एकट्या व्हायोलिनच्या जागी मंडळी गात आहेत.

हे प्रत्यक्ष वाजवायचं तर अडचणी कुठे येतात?

बीबरच्या तारा आतड्याच्या, म्हणजे तांतीच्या होत्या, सारंगीला असतात तशा. धातूची बारीक तार गुंडाळलेली खर्जाची तांत १६६०च्या दशकात नुकती येऊ लागली होती. तांत ओलाव्याने बदलते, नवी असेल तर बसायला एखादा दिवस घेते, आणि जुळणी बदलली की मूळ जागी जायला बघते: चढवलेली तार हळूहळू उतरते, उतरवलेली हळूहळू चढते. म्हणून एकदा जुळवून भागत नाही. दहा मिनिटांनी पुन्हा, मग पुन्हा.

पूर्ण स्वराच्या आत बदल असेल तर तीच तार चालते. त्यापलीकडे चढवायचं तर पातळ तांत घ्यावी लागते, उतरवायचं तर जाड. नाहीतर चढवलेली तार खाचेपाशी तुटते आणि उतरवलेली सैल पडून गजाखाली फडफडते. आज बरोक, म्हणजे बीबरच्या काळातल्या, संगीताचे गट बहुधा ए हा स्वर ४४० ऐवजी ४१५ हर्ट्झला धरतात. त्याने सगळ्याच तारांचा ताण साधारण ११ टक्क्यांनी कमी होतो आणि ही कसरत थोडी सुसह्य होते.

बदल करताना क्रम महत्त्वाचा. आधी उतरवायच्या तारा उतरवायच्या, मग चढवायच्या चढवायच्या. उलट केलं तर मधल्या काही मिनिटांत घोडीवर एकूण भार फार वाढतो. चढवताना तार घोडीचा माथा पट्टीकडे ओढते, त्यामुळे दर दोन-तीन वळशांनी घोडी सरळ उभी आहे का ते बघून हाताने नीट करायची. तिरकी राहिली तर ती वाकते किंवा सटकन आडवी होते. खाचांत पेन्सिलीचं शिसं घासलं की तार अडकत नाही. अकराव्या सोनाटात आणखी एक त्रास: जाड डी ही पातळ एच्या खाचेत जाते, चिमटली तर तिथेच तुटते, आणि तारा जिथे एकमेकींना ओलांडतात तिथे चिकटल्या तर झिणझिण आवाज येतो.

या सगळ्यामुळे पूर्ण संच एका बैठकीत वाजवणारे वादक अनेक व्हायोलिनं घेऊन बसतात. जुळण्या शेजारी शेजारी मांडल्या तर गट आपोआप दिसतात. दुसरा, चौथा, पाचवा आणि चौदावा: चारही सोनाटांत सर्वांत खालची तार ए आणि एची तार जागेवरच, बदलते ती फक्त डीची आणि ईची तार. हे एका व्हायोलिनवर जमतं. पहिला, दहावा, पंधरावा आणि शेवटचा पासाकाल्या नेहमीच्या जुळणीच्या जवळचे, ते दुसऱ्यावर. सातवा, आठवा, नववा, बारावा: खालची तार सी किंवा डी, म्हणजे पातळ तांतीचं तिसरं वाद्य. तिसरा, सहावा आणि तेरावा कुठेच नीट बसत नाहीत. अकराव्याला तर वेगळं व्हायोलिन द्यावंच.

बीबरने केवळ हेच लिहिलं असं नाही. १६८१ साली त्याने आठ व्हायोलिन सोनाटा छापले. त्यातल्या सहाव्यात रचना चालू असतानाच ईची तार डीवर उतरवायची सूचना येते. १६७३च्या 'बातालिया' या युद्धाच्या चित्रात मद्यधुंद शिपाई वेगवेगळ्या पट्ट्यांतली गाणी एकाच वेळी गातात, आणि मोठ्या खर्जाच्या वाद्याच्या तारांखाली कागद सरकवून लष्करी ढोल वाजवला जातो. साल्झबुर्गच्या धर्मपीठाला ११०० वर्षं झाली तेव्हा, १६८२ साली, गायलेला, गायक-वादकांच्या ५३ स्वतंत्र ओळींचा भव्य मास (चर्चमधल्या उपासनेचं संगीत) आधी दुसऱ्याच्या नावावर होता, आज तो बीबरचा मानतात. १६९६च्या 'हार्मोनिया आर्तिफिचिओसो-आरिओसा' या सात रचनांच्या संचात तो पुन्हा बदललेल्या जुळण्यांकडे वळला. पण हे सगळं जपमाळेच्या सोनाटांनंतर ऐकावं.

पहिल्यांदा ऐकणाऱ्याने सगळे सोळा एकदम ऐकू नयेत. दोन तासांच्या आसपासचं हे काम आहे आणि कान थकतो. पहिला ऐका, मग सहावा, आठवा, बारावा, अकरावा. शेवटी पासाकाल्या.

त्या पासाकाल्याबद्दल एवढंच. साथीचा खर्ज गेला, जुळणी पुन्हा नेहमीची, एकटं व्हायोलिन. जी, एफ, ई-फ्लॅट, डी हे चार उतरते स्वर पुन्हा पुन्हा येत राहतात. जी हा सा धरला तर सा, कोमल नी, कोमल ध, प. बीबरच्या काळातल्या रक्षक देवदूताच्या एका गीताची सुरुवात याच चार स्वरांनी होते. ६५ वेळा ते येतात, कधी खर्जात, कधी वर, आणि त्यांच्यावर बाकी सगळं बदलत राहतं. पहिल्या फेरीला ते एकटेच वाजतात, तेव्हाच मनात गुणगुणायला लागा आणि थांबू नका. वरच्या धावपळीत ते हरवल्यासारखे वाटतील, पण तुम्ही प वर पोचाल तेव्हा व्हायोलिनही तिथेच असेल.